तेहतिसावं नाव

ता. नरखेड
९ नोव्हेंबर २०२४

प्रिय नंदिनी,
सप्रेम जयभीम.

तू तीनदा फोन केलास असं तुझी मामी म्हणाली. केला असशील. मला फोनवर अर्धं ऐकू येतं आणि उरलेलं अर्धं मी मनानेच भरतो, त्यातून काय काय घोटाळे होतात ते घरादाराला माहीत आहे. म्हणून पत्र लिहितो. उत्तर हाताने लिही. मागे तू टाईप करून पाठवलंस, तर पोस्टमन म्हणाला, काका, नोटीस आली, आणि मामीचे हातपाय गळाले.

गुडघ्याच्या ऑपरेशनला आज बावीस दिवस झाले. टाके निघाले. व्यायाम चालू आहे. गुडघ्यावर याहून जास्त लिहिण्यासारखं काही नसतं.

आता मुद्द्याचं. दवाखान्यात माझा वेळ जावा म्हणून तू तुमच्या कंपनीचा तो 'पत्तेगड' माझ्या मोबाईलवर टाकून दिलास. खेळ मला समजला. आपल्याकडे आठ पत्ते, समोरच्याकडे आठ पत्ते, प्रत्येकाचा एक गड, आणि तीन मिनिटांत भालेकरी, घोडेस्वार, तोफ असे पत्ते सोडून समोरचा गड पाडायचा. जिंकलं की बिल्ले वाढतात, हरलं की कमी होतात. इथवर ठीक आहे. पण काल मी सात डाव खेळलो आणि सातही हरलो.

हरल्याचं काही नाही. पण समोरच्याची तोफ बाराव्या पायरीची आणि माझी चौथ्या, हा काय प्रकार आहे? एकतीस वर्षं मी कापूस खरेदी केंद्राच्या काट्यावर उभा होतो. हंगाम संपला की गावोगावचे लोक मला कबड्डीला घेऊन जायचे, तेही काट्यावर उभं राहायलाच. पंचावन्न किलोचा गट म्हणजे पंचावन्न किलो. दोनशे ग्रॅम जास्त भरला तर गडी परत. मोठमोठ्या गावांच्या संघांना मी परत पाठवलं आहे. तुमच्या खेळात असा काटा आहे की नाही? की जो येईल त्याला मैदानात ढकलून देता? तू तिथेच कामाला आहेस, म्हणून तुला विचारतो.

तुझा मामा
रुपराव

*

प्रताप नगर, नागपूर
१७ नोव्हेंबर २०२४

प्रिय मामा,
सप्रेम जयभीम.

हे बघा, हाताने लिहिलं आहे. चार वर्षांत सहीशिवाय पेन धरलेलं नाही, त्यामुळे अक्षराला हसू नका.

तुम्ही नेमकं माझ्यावरच बोट ठेवलंत. कोणाची गाठ कोणाशी घालायची हे ठरवणाऱ्या तुकडीतच मी आहे. काटा आहे, मामा. एक नाही, दोन आहेत. पहिला बिल्ल्यांचा: तुमच्याकडे चारशे बिल्ले असतील तर समोरचाही चारशेच्या आसपासचा शोधतो. दुसरा पत्त्यांच्या पायरीचा. पण या दोन्ही काट्यांवर एक घड्याळ बसलेलं आहे. दहा सेकंदांत तोलाचा माणूस मिळाला नाही, तर आम्ही अट सैल करतो. वीस सेकंद झाले की आणखी सैल. कारण माणूस वाट बघत बसत नाही, खेळ बंद करून निघून जातो. तुम्ही खेळता सकाळी अकराला. त्या वेळी पोरं शाळा-कॉलेजात असतात, मैदानात माणसंच कमी. मग मिळेल त्याच्याशी गाठ पडते.

शिवाय काही उस्ताद मुद्दाम हरतात. शंभर डाव हरून बिल्ले खाली आणायचे आणि मग खालच्यांना बडवायचं. ही खोड आम्हाला पुरती मोडता आलेली नाही.

तुमची तक्रार मी बघते. आता माझी तक्रार. व्यायाम चालू आहे असं तुम्ही लिहिलंत. मामी फोनवर म्हणाली की तुम्ही पाय जमिनीला लावत नाही, डॉक्टरने पाठवलेल्या माणसाला दारातूनच परत पाठवता, आणि दोन दिवस नीट जेवला नाहीत. मामी रडत होती. आणखी महिना असाच गेला तर गुडघा आखडेल आणि मग कायमची काठी, असं डॉक्टरने तिला सांगितलं आहे. काट्यावरच्या माणसाने खोटं वजन सांगू नये.

तुमची
नंदिनी

*

ता. नरखेड
८ डिसेंबर २०२४

प्रिय नंदिनी,
सप्रेम जयभीम.

पकडलंस. व्यायाम चालू नव्हता. पाय टेकवला की कळ डोक्यात जायची, आणि अडुसष्टाव्या वर्षी आता चालून जायचं तरी कुठे, असं वाटायचं. तुला वाईट वाटलं असेल तर मला माफ कर.

पण आता बातमी ऐक. तू काय केलंस ते तुझं तुला ठाऊक, पण वीस नोव्हेंबरपासून तुमचा काटा सुधारला. आता समोर येतो तो माझ्या तोलाचा येतो. पहिल्या दिवशी पाचातले तीन जिंकलो, दुसऱ्या दिवशी सहातले पाच. तीन आठवड्यांत माझे बिल्ले दीड हजारावर गेले. दोन डाव जिंकले की उठून ओसरीत दहा येरझाऱ्या, असा मी नियम केला. दहाच्या वीस झाल्या. परवा मी संत्र्याच्या बागेच्या कुंपणापर्यंत जाऊन आलो. डॉक्टरने पाठवलेला माणूस आता चहा पिऊनच जातो.

खेळणारी पोरं सभ्य आहेत, हे मुद्दाम लिहितो. घाई करत नाहीत. मी पत्ता टाकला की ती बरोबर तेवढाच वेळ थांबतात आणि मग आपला टाकतात. हरली तरी लगेच अंगठा दाखवून शाबासकी देतात. आमच्या कबड्डीत हरलेला संघ पंचाची गाडी अडवायचा.

तू मुद्दाम हरणाऱ्यांचं लिहिलंस. आमच्याकडेही होते ते. दोन दिवस उपाशी राहायचं, स्वेटर घालून उन्हात पळायचं, वजन उतरवायचं आणि काट्यावरून उतरल्या उतरल्या तांब्याभर पाणी अन् चार केळी. संध्याकाळच्या सामन्याला गडी दोन किलोने जड. त्यावर मी एक उपाय काढला होता: सामन्याच्या आधी पुन्हा वजन. लोकांनी शिव्या दिल्या, पण पुढच्या वर्षीपासून उपाशी राहणं बंद झालं. तुम्हीही करून बघा.

संध्याकाळी चार-पाच जण माझा डाव बघायला येतात. मी सगळ्यांना सांगितलं आहे की माझ्या भाचीच्या खेळात काटा चोख आहे.

तुझा मामा
रुपराव

*

प्रताप नगर, नागपूर
२० डिसेंबर २०२४

प्रिय मामा,
सप्रेम जयभीम.

कुंपणापर्यंत गेलात हे वाचून मी ऑफिसात सगळ्यांना सांगितलं. फार बरं वाटलं.

खेळ थोडा कमी केलात तरी चालेल. डोळ्यांना त्रास होतो. बिल्ल्यांचं फार मनावर घेऊ नका, खेळच आहे शेवटी. आणि गावातल्या लोकांना काट्याबिट्याचं फार सांगू नका, मला अवघडल्यासारखं होतं.

सध्या काम फार आहे. सविस्तर नंतर लिहीन.

तुमची
नंदिनी

*

ता. नरखेड
१२ जानेवारी २०२५

प्रिय नंदिनी,
सप्रेम जयभीम.

काम फार आहे म्हणालीस, म्हणून महिनाभर लिहिलं नाही. पण आता राहवत नाही.

दहा-बारा दिवसांपूर्वी मोबाईलवर तुमच्या कंपनीचं आमंत्रण आलं. सोळा फेब्रुवारीला नागपुरात पत्तेगडची जिल्हा स्पर्धा आहे. जिल्ह्यातले वरचे बत्तीस खेळाडू समोरासमोर बसून खेळणार. त्या यादीत मी एकोणतिसावा आहे. मी तीनदा वाचलं. मग मामीकडून वाचून घेतलं. ती म्हणाली, "तुमचंच नाव आहे जी, दुसऱ्या कोणाचं नाही." अडुसष्ट वर्षांचा मी एकटाच असेन, बाकी सगळी मिसरूड न फुटलेली पोरं.

सभागृह पहिल्या मजल्यावर आहे आणि तिथे लिफ्ट नाही, असं आमंत्रणात लिहिलं आहे. बावीस पायऱ्या. मी फोन करून विचारलं, म्हणजे मामीने विचारलं. म्हणून मी रोज सकाळी ग्रामपंचायतीच्या पायऱ्या चढतो. त्या सहाच आहेत, म्हणून चार वेळा चढतो. पहिल्या दिवशी दोन पायऱ्यांत घाम फुटला. काल चोवीस पूर्ण केल्या. डॉक्टरांनी एक्सरे बघून विचारलं, काका, काय जादू केली? मी म्हणालो, भाचीला विचारा.

सरपंचांनी गावातून एक गाडी भरून माणसं न्यायचं ठरवलं आहे. मी नको म्हणालो, पण मनातून मला आवडलं, तुझ्यापासून काय लपवू. एकतीस वर्षं मी दुसऱ्यांना पास-नापास केलं, स्वतः कधी मैदानात उतरलो नाही. अंगकाठीच नव्हती तशी. आणि काट्यावर मी कधी नातं चढू दिलं नाही, म्हणून आज कोणी म्हणू शकणार नाही की रुपरावला भाचीमुळे जागा मिळाली. जे आहे ते माझ्या वजनाचं आहे.

तू सभागृहात असशील ना? मी जिंकणार नाही हे मला माहीत आहे. पहिल्याच फेरीत गेलो तरी चालेल. पण तू असावीस.

तुझा मामा
रुपराव

*

प्रताप नगर, नागपूर
१९ जानेवारी २०२५

प्रिय मामा,
सप्रेम जयभीम.

हे पत्र मी चार वेळा फाडलं. सरळच लिहिते.

तुम्ही ज्यांच्याशी खेळता ती माणसं नाहीत. वीस नोव्हेंबरपासून तुम्ही बहुतेक यंत्राशी खेळता आहात. नावं माणसांची, चित्रं माणसांची, पण मागे कोणी नाही. म्हणून ती बरोबर तेवढाच वेळ थांबतात. म्हणून लगेच अंगठा दाखवतात.

हे आमच्या खेळात थोडंफार सगळ्यांनाच होतं. कोणी लागोपाठ चार डाव हरला की आम्ही त्याच्यापुढे एक यंत्र उभं करतो, म्हणजे तो जिंकतो आणि खेळ सोडून जात नाही. पण तुमचं तेवढ्यावर थांबलं नाही. आमच्याकडे चाचणीसाठी एक यादी असते, त्यातल्या खात्यांसमोर जवळजवळ सगळे डाव यंत्राचेच येतात, आणि ते यंत्र किती चुकेल हेही आम्हीच ठरवतो. मामी रडली त्या आठवड्यात मी तुमचं खातं त्या यादीत टाकलं. कोणाला विचारलं नाही. तीन आठवड्यांसाठी टाकलं होतं. मग तुमचं पत्र आलं, कुंपणापर्यंत गेलात म्हणून. नाव काढायला माझा हात धजला नाही. आज काढू, उद्या काढू करता करता तुम्ही चार हजार बिल्ल्यांवर गेलात. वरच्या बत्तिसांची यादी यंत्राने काढली आणि ती कोणी तपासली नाही.

नाकापेक्षा मोती जड झाला, मामा. ती पोरं दिवसाला सहा-सहा तास खेळतात. सगळ्यांसमोर, मोठ्या पडद्यावर, ती तुम्हाला अर्ध्या मिनिटात संपवतील. गाडीभर गाव बघत असेल. तुमचं हसं होईल, आणि ते मला सहन होणार नाही. म्हणून सांगते. मी सांगितलं नसतं तर तुम्ही पायऱ्या चढत राहिला असतात हेही मला कळतं. दोन्हीकडून माझंच चुकलं.

तब्येत बरी नाही म्हणून कळवा आणि येऊ नका. कोणाला काही कळणार नाही. चालणं मात्र थांबवू नका, एवढं ऐका.

तुमची
नंदिनी

*

ता. नरखेड
३० जानेवारी

नंदिनीला मामीचा जयभीम.

तू पत्रात काय लिहिलं ते यांनी मला सांगितलं नाही. वाचलं, घडी केली, खिशात ठेवली. मोबाईल बंद करून कपाटात टाकला. त्या दिवसापासून बाजेवर आहेत. पायऱ्या बंद, येरझाऱ्या बंद, तो व्यायामवाला पुन्हा दारातून परत गेला. संध्याकाळी लोकं येतात, त्यांना सांगतात डोळे दुखते. मी विचारलं तर म्हणाले, "इंदू, मले काही विचारू नको."

माझ्यावर रागावले असते तर बरं होतं वं. हे बोलतच नाही. सहा दिवस झाले. तू काय लिहिलं होतं ते मला तरी सांग.

इंदूबाई

*

ता. नरखेड
१ फेब्रुवारी २०२५

नंदिनी,
जयभीम.

मामीने तुला लिहिलं हे मला कळलं. तिला मी काल सगळं सांगितलं.

मला तुझा राग आला. गेला असं लिहिणार नाही, थोडा आहे अजून. लहानपणी सगळ्यात लहान पोराला आपण खेळात कच्चा लिंबू ठेवतो. त्याला कोणी बाद करत नाही, पण तो कच्चा लिंबू आहे हे निदान सगळ्या मैदानाला माहीत असतं. तू मला कच्चा लिंबू केलंस आणि कोणालाच सांगितलं नाहीस. मी गावाला सांगत बसलो की काटा चोख आहे.

तुझ्या पत्रात माझं हसं होईल अशी काळजी आहे. मीही सहा दिवस त्याच काळजीत होतो. सातव्या दिवशी मला जे सुचलं ते काट्यावरच्या माणसाला पहिल्या मिनिटाला सुचायला हवं होतं. यादी बत्तिसांची आहे. त्यात मी घुसलो, आयत्या बिळावर नागोबा. म्हणजे तेहतिसावा जो कोणी आहे, तो माझ्यामुळे बाहेर बसला आहे. तो कोण?

हे मी का विचारतो ते ऐक. काट्यावर कधी नातं चढू दिलं नाही, असं मी तुला लिहिलं होतं. ते खोटं आहे. एकदा चढू दिलं. २००६ साली, आपल्याच गावच्या सामन्यांत. तुझा भाऊ धम्मदीप सतरा वर्षांचा, सुट्टीला आला होता, आणि आमच्या संघाला चढाईला तो हवा होता. तुझी आई पहिल्या ओळीत बसली होती. मी काट्याची दांडी पंचावन्नवर लावली, धम्मदीप काट्यावर उभा राहिला आणि दांडी वर गेली. अर्धा किलो तरी जास्त असेल. मी दांडीवर अंगठा टेकवला आणि 'पास' म्हणालो. आपला तो बाब्या.

संघाची यादी दहाची होती. धम्मदीप आत आला म्हणून दहावा बाहेर गेला. तो धम्मानंद. बावन्न किलो, सगळा हंगाम सराव केलेला. दिवसभर गणवेश घालून दोरीच्या बाहेर बसून होता. आपला संघ जिंकला, चषक गावात आला, कोणी काही विचारलं नाही. धम्मानंद पुन्हा कधी कबड्डी खेळला नाही. आज गावात मोटारी-पंप दुरुस्त करतो. रोज मला जयभीम घालतो. एकोणीस वर्षांत मी त्याच्याशी त्या दिवसाबद्दल काही बोललो नाही.

आजारपणाचं निमित्त मी सांगणार नाही. तू कंपनीत जाऊन खरं सांग, माझं नाव काढ आणि तेहतिसाव्याला कळव. तुझ्या नोकरीचं काय होईल मला माहीत नाही. त्याची मला भीती वाटते. तरी सांग.

रुपराव

*

प्रताप नगर, नागपूर
८ फेब्रुवारी २०२५

प्रिय मामा,
सप्रेम जयभीम.

तुमचं पत्र बुधवारी मिळालं. गुरुवारी सकाळी मी आमचे वरिष्ठ जितेंद्र सर आहेत त्यांच्याकडे गेले आणि सगळं सांगितलं. ते पंधरा मिनिटं माहिती तपासत बसले. मग म्हणाले, चूक कोणाच्या नजरेला आली नव्हती, तू गप्प राहिली असतीस तरी चाललं असतं. मी म्हणाले, मामांच्या नजरेला आली.

नोकरी आहे. पण जोड्या लावण्याच्या तुकडीतून मला काढलं. सोमवारपासून मी तक्रारींच्या टेबलावर. खेळाडूंची गाऱ्हाणी वाचायची आणि उत्तरं द्यायची. चार वर्षं जे शिकले ते बाजूला पडलं. वाईट वाटलं, मामा, खोटं कशाला सांगू. घरी येऊन रडले.

तेहतिसावी एक मुलगी आहे. सोनिका, खापा गावची, एकोणीस वर्षांची. तिला फोन मीच केला. खरं कारण सांगितलं, तुमचं नाव न घेता. ती म्हणाली, मला वाटलंच होतं काहीतरी गडबड आहे, दोन महिने यादीत मी एका 'रुपराव ५५'च्या मागे लागले होते आणि तो हरतच नव्हता. मग म्हणाली, मी खेळ काढून टाकला होता, आता परत टाकते.

धम्मदीपला मी काही सांगितलेलं नाही. सांगू का? त्याला त्या सामन्यांत मिळालेला छोटा चषक अजून आमच्या दिवाणखान्यात आहे.

सोळा तारखेला तुम्ही येणार नाही हे कळतं. मी मात्र जाणार आहे.

तुमची
नंदिनी

*

ता. नरखेड
१८ फेब्रुवारी २०२५

प्रिय नंदिनी,
सप्रेम जयभीम.

सभागृहात मला बघून तुझा चेहरा पांढराफटक पडला. बोलायला जमलं नाही, गर्दी होती आणि मला ऐकूही येत नव्हतं. म्हणून लिहितो.

तुझं आठ तारखेचं पत्र आलं त्या दिवशी संध्याकाळी मी ओसरीत बसून लोकांना सगळं सांगितलं. यंत्राचं, यादीचं, माझं. दोघंतिघं हसले. सरपंचांनी गाडी रद्द केली. दुसऱ्या दिवसापासून मी पुन्हा ग्रामपंचायतीच्या पायऱ्या चढायला लागलो. सुरुवातीला कोणी बघत नसताना जायचो, मग ते लपणंही सोडलं.

नागपूरला मी एसटीने आलो, मोटारसायकलवर अजून गुडघा वाकत नाही. सोबत धम्मानंदला घेतलं. का घेतलं हे त्याला सांगितलं नव्हतं. बावीस पायऱ्या चढलो, मध्ये दोनदा थांबलो, त्याने हात पुढे केला तो घेतला नाही.

सोनिकाचे दोन्ही डाव मी उभं राहून पाहिले. पहिला जिंकली. दुसऱ्यात तिने तोफ फार लवकर सोडली आणि गेली. उठून समोरच्या पोराशी हात मिळवला, मग भिंतीकडे तोंड करून डोळे पुसले. मी ओळख देणार नव्हतो, पण दिली. म्हणालो, रुपराव ५५ तो मीच. ती मला वरपासून खालपर्यंत बघत राहिली आणि मग म्हणाली, "काका, तुमी तर मले लय तरास देला." त्यावर मी हसलो. तिने माझा मोबाईल घेऊन मला शून्य बिल्ल्यांचं नवं खातं काढून दिलं. आज सकाळपर्यंत अकरा डाव खेळलो, नऊ हरलो. माझ्याकडून हरलेल्या दोघांपैकी एकाने डाव संपल्यावर मला वाकडं तोंड करून दाखवलं. तो माणूस होता.

आता जे सांगायला हे पत्र लिहितो ते. परतीच्या बसमध्ये काटोल सुटल्यावर मी धम्मानंदला म्हणालो, "त्या साली धम्मदीप पंचावन्नच्या वर होता. मी दांडी दाबली होती."

तो खिडकीबाहेर बघत होता. म्हणाला, "मले मालूम हाये, काका. मी तुमच्या मागंच उभा होतो. अंगठा दिसला मले."

"मंग बोलला काहून नाही?"

"बोललो असतो तं तुमच्या काट्यावर पुन्हा कोणी चढलं नसतं. अन् मले पुढच्या साली खेळाचं होतं."

"मंग पुढच्या साली आला काहून नाही?"

"आलो होतो ना. रांगेत होतो. माहा नंबर आला, तुमाले काट्याजवळ उभं पाह्यलं अन् वापस गेलो."

त्या वर्षी रांगेतून एक पोरगा निघून गेला, हे मला आठवतसुद्धा नाही. मी पुढच्याला बोलावलं असेल. एकोणीस वर्षं मी समजत होतो की माझ्या एका अंगठ्याने एक पोरगा एक दिवस बाहेर बसला. पुढचं खेळणं त्याने आपल्या मनाने सोडलं, असं वाटायचं; पण तो माझ्या काट्यामुळे कायमचा गेला होता. आणि जे माझ्याशी भांडले, ज्यांनी शिव्या दिल्या, गाडी अडवली, त्यांचीच तेवढी माझ्याविरुद्ध तक्रार आहे, असं मी आयुष्यभर समजत राहिलो. भांडणाऱ्याचा माझ्यावर भरोसा होता म्हणून तो भांडत होता.

तू तक्रारींच्या टेबलावर बसलीस म्हणून रडलीस. तिथे बस, उत्तरं दे, मन लावून दे. पण जे काही न बोलता खेळ काढून टाकतात, सोनिकाने टाकला तसा, त्यांची यादी तुमच्याकडे असेल. ती मागून घे. कोणत्या डावानंतर गेले ते बघ. नाही दिली तर पुन्हा माग.

धम्मदीपला तू सांगू नकोस, मी लिहितो त्याला.

बसमधून आम्ही उतरलो. धम्मानंदने मला घरापर्यंत सोडलं, जयभीम केला आणि गेला. माफी मागायची राहिली. त्याचं दुकान इथून अर्धा किलोमीटर आहे. हे पत्र पेटीत टाकतो आणि तसाच पुढे चालत जातो.

तुझा मामा
रुपराव